शब्द बदलताना नावे जपावीत कशी?

प्रश्न : निजाम राजवटीतील आजोबांच्या आठवणी नातवंडांना समजाव्यात म्हणून संगणकावर जुने शब्द बदलले. ‘दुर्ग’ऐवजी ‘किल्ला’ आणि ‘गाव’ऐवजी ‘खेडे’ घालताच नळदुर्गचे ‘नळकिल्ला’ आणि माजलगावचे ‘माजलखेडे’ झाले. नावे सुरक्षित कशी ठेवावीत?
— एक वाचक, परभणी

उत्तर : आधी माणसांची व गावांची नावे टिपून घ्यावीत, प्रत्येक नावाच्या जागी मजकुरात अन्यत्र नसलेली ‘#१#’सारखी खूण घालावी, मग शब्द बदलावेत आणि शेवटी खुणांच्या जागी नावे परत आणावीत. केवळ पूर्ण शब्द शोधण्याचा पर्याय मराठीत अपुरा पडतो, कारण प्रत्यय जोडून येतात आणि शब्दाचे रूपही बदलते.

खरी कसोटी ‘पटवारी’सारख्या शब्दाची आहे. आपल्याकडे तलाठ्याला पटवारी म्हणत आणि तेच आडनावही आहे. ‘पटवाऱ्याने नोंद केली’ या वाक्यात ते पद आहे, हे बहुधा रूपावरूनच कळते. ‘पटवारी यांनी’ असे असेल तर मात्र मागचापुढचा मजकूर वाचूनच निर्णय घ्यावा, तेथे सगळे एकदम बदलण्याची आज्ञा मुळीच देऊ नये.

आजोबांनी अंबाजोगाईला ‘मोमिनाबाद’ लिहिले असेल, तर ते तसेच ठेवून पहिल्या उल्लेखापाशी कंसात आजचे नाव द्यावे. त्या काळी तेच नाव चालत होते आणि आठवणीही त्याच काळाच्या आहेत.