तुमचे प्रश्न: बाप्तिस्मा परत घ्यावा लागतो का?

प्रश्न: जानेवारीत आमच्या इथल्या कॅथलिक चर्चमधे ख्रिस्ती एकीचा प्रार्थना सप्ताह आहे असं बोर्डावर लिहिलेलं बघितलं. आम्ही सीएनआयवाले (चर्च ऑफ नॉर्थ इंडिया, म्हणजे प्रोटेस्टंट), आम्ही गेलं तर चालतंय काय? (एक वाचक, निपाणी)

उत्तर: चालतंय म्हणजे काय, तुमच्यासाठीच आहे तो. 1908 साली पॉल वॉटसन नावाच्या अमेरिकन फादरांनी सुरू केला, तेव्हा ते अँग्लिकन, म्हणजे इंग्लंडच्या चर्चच्या परंपरेतले होते, पुढच्या वर्षी कॅथलिक झाले. 18 ते 25 जानेवारी असतो, 25 ला पौलाच्या परिवर्तनाचा सण. 1968 पासून त्याच्या प्रार्थना व्हॅटिकन आणि जागतिक चर्च परिषद (प्रोटेस्टंट आणि इतर चर्चेसची संघटना) दोघं मिळून तयार करतात, म्हणजे त्यात तुमच्या बाजूचा पण हात आहे. तेव्हा घरच्यांना घेऊन जावा, आणि मागच्या बाकावर नाही, पुढं बसा.

प्रश्न: काकू, मी बेळगावची, आमचं घर मेथडिस्ट, म्हणजे प्रोटेस्टंट. खानापूर तालुक्यातल्या एका कॅथलिक मुलाशी माझं लग्न ठरलंय. मुलगा चांगला आहे, घरचे पण चांगले, साखरपुड्याचा कुंदा पण वाटून झाला. आता त्यांच्या नात्यातल्या एक मावशी म्हणतात मुलीला परत बाप्तिस्मा घ्यावा लागणार, नाहीतर लग्न लागत नाही. हे ऐकल्यापासून पप्पा नीट जेवेनात. म्हणतात आम्ही मग इतकी वर्षं कोण होतो, ख्रिस्ती नव्हतो काय? आणि मला पण वाटतं, येशू एकच तर इतकी चर्चेस कशाला? (एक वाचक, बेळगाव)

उत्तर: आधी पप्पांना जेवायला बसव आणि हे त्यांना वाचून दाखव. नाही घ्यावा लागत. पाण्यानं आणि पिता, पुत्र, पवित्र आत्मा यांच्या नावानं बाप्तिस्मा झालेला असला की कॅथलिक चर्च तो खरा मानतं, आणि मेथडिस्ट चर्चमधे तो तसाच देतात. खरा मानलेला बाप्तिस्मा परत द्यायचाच नसतो, हे त्यांच्याच चर्चच्या कायद्यात आहे. फक्त झालाय की नाही याचीच खरोखर शंका असेल तर गोष्ट वेगळी. म्हणून तुझ्या पाळकसाहेबांकडे जा, रजिस्टरमधनं नवीन दाखला काढून घे आणि फादरांच्या हातात दे, झालं.

मावशींवर रागावू नको गं. त्यांनी लहानपणी जे ऐकलं तेच त्या सांगतायत, तेव्हा एकमेकांच्या चर्चची पायरी चढायला पण लोक घाबरायचे, दोन्हीकडचे. पण 21 नोव्हेंबर 1964 ला दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनं, म्हणजे जगभरच्या कॅथलिक बिशपांच्या सभेनं, एकीबद्दलचा जो लेख काढला त्यात स्पष्ट म्हटलंय की ख्रिस्तावर विश्वास ठेवून ज्यांचा रीतसर बाप्तिस्मा झालाय ते आमचे भाऊ, नातं अजून पुरं नसलं तरी नातं आहे. पप्पांच्या प्रश्नाचं उत्तर रोमनं साठ वर्षांपूर्वीच दिलंय, ते खानापूरच्या स्वयंपाकघरापर्यंत पोचलं नाही एवढंच.

आता लग्नाचं. तुला कॅथलिक व्हायला लागत नाही. मुलाला बिशपांची परवानगी काढावी लागते, ती फादर काढून देतात. त्यात मुलगा वचन देतो की मी माझा विश्वास सोडणार नाही आणि मुलांचा बाप्तिस्मा कॅथलिक चर्चमधे व्हावा म्हणून माझ्याकडून होईल तेवढं करीन. तुला सही करावी लागत नाही, पण त्यानं काय वचन दिलंय ते तुला सांगावं लागतं. 1970 च्या आधी दुसऱ्या बाजूकडनं पण लिहून घ्यायचे. पण खरं सांगते, कागदावर सही नसली म्हणून हा विषय मागं ढकलू नको. मुलं कुठल्या चर्चला जाणार, रविवारी तू कुठं जाणार, हे दोघं आत्ता बोला, बाळ पाळण्यात आल्यावर दोन आज्या बोलायला लागल्या की मग तुमचं कोण ऐकत नाही.

लग्न एकदाच लावायचं, सकाळी इकडं आणि संध्याकाळी तिकडं असं चालत नाही. पण तुझ्या पाळकसाहेबांना बोलवता येतं, ते वचन वाचू शकतात, प्रार्थना करू शकतात, आशीर्वाद देऊ शकतात, आधी फादरांना भेटून ठरवायचं. आणि शक्यतो मिस्सा (प्रभुभोजनाची कॅथलिक उपासना) न ठेवता नुसता लग्नविधी ठेवा असं मी सुचवीन, कारण मिस्सात प्रभुभोजनाच्या वेळी अर्धं चर्च उठणार आणि तुझे आईवडील बाकावर बसून राहणार, कारण कॅथलिक चर्च ते दुसऱ्या चर्चवाल्यांना सहसा देत नाही. हे मी बघितलंय आणि बघवत नाही. आपल्या मेथडिस्ट टेबलावर सगळ्यांना बोलवतात, पण कॅथलिक माणसानं ते घ्यायला त्यांच्या चर्चची परवानगी नाही. एकीचं सगळ्यात दुखरं ठिकाण हेच आहे आणि त्याला अजून औषध सापडलेलं नाही.

इतकी चर्चेस कशाला विचारतेस, तर आपल्या भागातलं तेवढं सांगते. कोल्हापूरला अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशन होतं, ते आज सीएनआय. धारवाडला बासेल मिशन, ते आज सीएसआय, म्हणजे चर्च ऑफ साउथ इंडिया. आणि मधल्या बेळगावात 1820 साली लंडन मिशन आलं, त्यांनी 1904 ला इथलं काम अमेरिकन मेथडिस्टांना देऊन टाकलं. चारच वर्षांनी, 1908 ला, दक्षिणेतली लंडन मिशनची मंडळी दुसऱ्यांबरोबर एक झाली आणि 27 सप्टेंबर 1947 ला मद्रासमधे त्यांच्यासकट सीएसआय उभं राहिलं. ते काम हातात ठेवलं असतं तर तू आज बहुतेक सीएसआयची असतीस. पुढं 29 नोव्हेंबर 1970 ला नागपुरात सहा चर्चेस मिळून सीएनआय झालं, त्यात आपले मेथडिस्ट पण येणार होते, इतकी वर्षं बोलणी झालेली, आणि ऐन वेळी मागं सरले. मला त्याचं अजून वाईट वाटतं. म्हणजे बघ, विश्वासापेक्षा कुठल्या बोटीतनं कुठला मिशनरी उतरला यावर आपली नावं पडली, आणि आपण ती नावं घेऊन भांडतोय. भाषेवरनं भांडायला काय कमी आहे इथं, त्यात आणि हे.

बोलणी थांबलेली नाहीत. कॅथलिक आणि मेथडिस्ट यांची जागतिक पातळीवरची चर्चा 1967 पासून चालू आहे. ज्या मुद्द्यावर सोळाव्या शतकात चर्च फुटलं, माणूस कृपेनं तरतो की कर्मानं, त्यावर लुथरन (मार्टिन लूथरच्या परंपरेतलं चर्च) आणि कॅथलिक यांनी 31 ऑक्टोबर 1999 ला एकमताच्या कागदावर सही केली, आणि 2006 ला मेथडिस्टांनी पण ते मान्य केलं.

एक सांगायचं राहिलं. खानापूरकडं एका मैत्रिणीच्या मातीला गेले होते. माहेर मेथडिस्ट, सासर कॅथलिक, तुझ्यासारखंच. कबरीपाशी सगळ्यांनी मिळून प्रभूची प्रार्थना म्हणायला घेतली, एका आवाजात, वाइटापासून सोडव इथपर्यंत. तिथं कॅथलिक आमेन म्हणून थांबले आणि आमचं पुढं चालूच, राज्य, पराक्रम, गौरव. मधेच आवाज अर्धा झाला. दोन्हीकडचे खाली बघायला लागले. फादर मात्र हात जोडून तसेच उभे राहिले, आमचं संपेपर्यंत, आणि शेवटचं आमेन आमच्याबरोबर परत म्हणाले.

नंतर मला कळलं की ती ओळ मत्तयच्या शुभवर्तमानाच्या सगळ्यात जुन्या हस्तलिखितांत नाही, पण चर्चमधे अगदी सुरुवातीपासून म्हणत आलेत, आणि मिस्सात कॅथलिक पण ती म्हणतातच, फक्त मधे फादरांची एक छोटी प्रार्थना असते.

तेव्हा फादरांना आणि पाळकसाहेबांना लग्नाआधी भेटायला जाशील तेव्हा एवढं विचार की ती ओळ त्या दिवशी सगळ्यांनी मिळून म्हटली तर चालेल का. आणि पत्रिकेबरोबर प्रार्थनेचा कागद छापणार असाल तर ती ओळ त्यात मोठ्या अक्षरात घाला, म्हणजे मावशी पण थांबणार नाहीत.