पॅरिसची पासी दफनभूमी एवढीशी असूनही एवढी मानाची का? तिचा इतिहास काय?

कामानिमित्त मी दोन वर्षं पॅरिसला होतो आणि ऑफिस त्रोकादेरोच्या चौकापासून पाच मिनिटांवर. दुपारी डबा खाल्ला की शतपावलीला बहुतेक वेळा पासीतच जायचो, म्हणून उत्तर द्यायचं धाडस करतोय.

आधी एक गोष्ट सांगून टाकतो, कारण आपल्याकडचे पाहुणे हमखास विचारायचे. जेआरडी टाटांचं थडगं इथे नाही. ते पेर लाशेज या दफनभूमीत, शहराच्या पार दुसऱ्या टोकाला.

आता इतिहास. अठराव्या शतकात पॅरिसच्या भर वस्तीतल्या दफनभूमी इतक्या तुंबल्या, की त्यातली सगळ्यात जुनी आणि मोठी १७८० मध्ये बंद करावी लागली. तिथली हाडं नंतर जमिनीखालच्या दगडखाणींत हलवली. नेपोलियनच्या काळात, १८०४ मध्ये, वस्तीत दफन करायचं नाही असा हुकूमच निघाला. पेर लाशेज (१८०४), माँपार्नास (१८२४) आणि माँमार्त्र (१८२५) या मोठ्या दफनभूमी त्यातूनच शहराच्या वेशीबाहेर झाल्या.

पासी १८२० ची, पण ती या पंगतीतली नाही. पासी तेव्हा पॅरिसच नव्हतं. वेगळं गाव होतं आणि ही त्या गावाची दफनभूमी. १८६० मध्ये पॅरिसची हद्द वाढली आणि गाव शहरात गेलं. पुण्यात एरंडवण्याचं झालं तसंच समजा, गावठाण राहिलं आणि भोवती शहर उभं राहिलं. फरक एवढाच, की पासीभोवती जे उभं राहिलं ते पॅरिसमधल्या सगळ्यात श्रीमंत वस्त्यांपैकी एक. दफनभूमीला मात्र वाढायला वाव उरला नाही. जेमतेम पावणेदोन हेक्टर, म्हणजे सव्वाचार एकर. पेर लाशेज चव्वेचाळीस हेक्टरचं आहे! शिवाय कायमस्वरूपी विकत घेतलेली जागा पिढ्यान् पिढ्या त्या घराण्याकडेच राहते. म्हणजे शेजार उंची आणि जागा नाही. माझ्या मते या मानाचं सगळं गुपित एवढंच, कोणी ठरवून ती 'प्रतिष्ठित' केलेली नाही.

चौकातून बघितलं तर ती दिसतच नाही. उंच भिंतीवर, गच्चीसारखी रस्त्याच्या वर आहे. प्रवेशद्वार १९३४ चं. तिथे अंत्ययात्रेला आलेल्यांसाठी गरम ठेवलेली बसायची खोली आहे, आणि पॅरिसात अशी सोय फक्त इथेच असल्याचं सांगतात. जानेवारीत तिथे उभं राहिल्यावर ही काय चैन आहे ते कळतं.

आत चित्रकार एदुआर माने आहे (मृत्यू १८८३). थडग्यावर त्याचा अर्धपुतळा, तो त्याच्या मेव्हण्याने घडवलेला. त्याच थडग्यात त्याची बायको, भाऊ एजेन आणि एजेनची बायको बेर्त मोरिझो. ही बेर्त स्वतः मोठी चित्रकार. इंप्रेशनिस्ट या तेव्हाच्या नव्या शैलीच्या चित्रकारांच्या आठ प्रदर्शनांपैकी सातांत तिची चित्रं होती. माने एकाही प्रदर्शनात नव्हता. पण दगडावर तिच्या नावाखाली काय कोरलंय? 'एजेन मानेची विधवा'. बस. मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा दोनदा वाचलं. तिच्या मृत्यूच्या दाखल्यावर तर 'व्यवसाय नाही' असं लिहिलं होतं म्हणे.

याच्या अगदी उलट चित्रकार मारी बाश्कीर्तसेफ. पंचविसाव्या वर्षी क्षयाने गेली, पण तिचं स्मारक एखाद्या देवळाएवढं, आत तिच्या स्टुडिओसारखी मांडणी. ते आता संरक्षित वास्तू आहे.

संगीतकार देब्युसी मार्च १९१८ मध्ये गेला, तेव्हा पॅरिसवर जर्मन तोफांचा मारा चालू होता. त्याला घाईत पेर लाशेजला पुरलं. झाडं आणि पाखरांमध्ये असावं अशी त्याची इच्छा होती, म्हणून नंतर इथे आणलं. त्याची लाडकी लेक शुशू पुढच्याच वर्षी, वयाच्या तेराव्या वर्षी घटसर्पाने गेली. तीही त्याच्याजवळच आहे.

व्हिएतनामचा शेवटचा सम्राट बाओ दाई (मृत्यू १९९७) इथेच, इराणच्या शाहाची धाकटी मुलगी लैलाही इथेच. राज्य गेलेल्यांना पासी फार आवडत असावं.

आणि आपल्याशी नातं सांगायचं तर मार्सेल दसॉ. आपल्या हवाई दलाने घेतलेल्या तुफानी, मिराज आणि राफेल या विमानांच्या कंपनीचा संस्थापक. १९८६ मध्ये गेला. नागपूरला मिहानमध्ये याच कंपनीच्या भागीदारीत विमानांचे सुटे भाग बनतात. माझ्या नागपूरकर मित्राला तिथे नेलं, तर त्याने थडग्यासमोर उभं राहून आधी फोटो काढला आणि मग विचारलं, "हा कोण?"

जायचं असेल तर मेट्रोचं त्रोकादेरो स्टेशन. तिकीट नाही. फाटकाजवळच्या ऑफिसातून नकाशा मागून घ्या, कारण जागा लहान असली तरी माने पहिल्या खेपेला सापडत नाही.