तारखेला कोण होतं?

प्रिय मुली,

तुझा लांबलचक मेसेज वाचला. कायद्याचं शेवटचं वर्ष सोडायचं म्हणतेस. कारण काय, तर जुन्या पोस्टरांचं प्रदर्शन बघून तुला वाटलं की खरं जगणं १९७२ ते १९७५ या काळात मुंबईत होऊन गेलं, तुमच्या वाट्याला फक्त हजेरी आणि इंटर्नशिप उरली. ‘तुमच्या पिढीने कसं सगळं सोडून रस्त्यावर उडी घेतली, मावशी,’ असं लिहिलंयस.

सगळं सोडून? हे तुला कोणी सांगितलं?

त्या दिवसांवर माझं प्रेम नाही असं समजू नकोस. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या ब्लॅक पँथर संघटनेवरून नाव घेऊन इथल्या लिहित्या पोरांनी १९७२ मध्ये दलित पँथर ही संघटना उभी केली, तेव्हा आमच्याही अंगावर काटा आला होता. नामदेव ढसाळ, राजा ढाले, ज. वि. पवार ही नावं तू पोस्टरवर वाचलीस. आम्ही ती माणसं बोलताना ऐकलीत. गावोगाव दलितांवर अत्याचार होत होते आणि अस्पृश्यतेची पाहणी करणाऱ्या एलयापेरुमल समितीचा अहवाल दिल्लीत नुसता पडून होता. त्या रागाला जागा होती, त्या रागाशी माझं काही भांडण नाही. माझं भांडण तू भिंतीवर टांगलेल्या फोटोशी आहे. त्यात मूठ दिसते, मोर्चा दिसतो. मोर्चानंतर सहा महिन्यांनी कोर्टाच्या तारखेला कोण हजर होतं, ते कुठल्याच फोटोत दिसत नाही. मला तेवढंच विचारायचंय. तारखेला कोण होतं?

जानेवारी १९७४ घे. मध्य मुंबईत लोकसभेची पोटनिवडणूक होती, पँथरने बहिष्कार पुकारला होता. पाच तारखेला वरळीच्या सभेवर दगडफेक झाली आणि बीडीडी चाळींत दंगल पेटली. दहा तारखेच्या मोर्चात परळला वरून दगड पडून पँथरचा कार्यकर्ता भागवत जाधव गेला. पोटनिवडणुकीत सत्ताधारी काँग्रेस हरली. इथवर प्रदर्शनात असतंच. पुढचं मी सांगते. पकडलेल्या पोरांना जामीन हवा. जामीनदार हवा, त्याचं रेशनकार्ड हवं, पगाराची चिठ्ठी हवी. आधीच घाबरलेली माणसं रेशनकार्ड देईनात, कारण ते कोर्टात अडकलं तर महिन्याचं धान्य कुठून आणायचं? दुष्काळाची झळ अजून ओसरली नव्हती, रेशनवर लाल मिलो, म्हणजे परदेशातून आलेली हलकी ज्वारी, मिळायचा आणि त्यासाठीही रांग. दार ठोठावून, चहा नको म्हणत, उंबऱ्यावर उभं राहून एकेक कार्ड मागून आणायचं काम बायकांनी केलं. त्यांची नावं कुठल्या पोस्टरवर नाहीत.

मग कोर्ट. तू अजून नीट बघितलेलं नाहीस म्हणून सांगते. सकाळी अकराला पोचायचं, पुकारा होईपर्यंत व्हरांड्यात उभं राहायचं. गिरणीतल्या साक्षीदाराचा त्या दिवशी खाडा. बदली कामगार, म्हणजे दुसऱ्याच्या जागी रोजावर घेतलेला, असेल तर पुढचे दिवसही जायचे. दुपारी कळायचं, साहेब रजेवर, पुढची तारीख. साक्षीदार तिसऱ्यांदा येत नाही, आणि तो आला नाही की केस गेली. म्हणून आदल्या रात्री त्याच्या खोलीवर जाऊन बसायचं, बायकोची समजूत काढायची, खाड्याचे पैसे वर्गणीतून द्यायचे. हे मी वर्षानुवर्षं केलं. त्याचं गाणं कोणी रचलं नाही, रचावं अशी अपेक्षाही नव्हती. पण तेच काम होतं, हे मी मरेपर्यंत म्हणत राहीन.

तू कायदा शिकतेस आणि १९७२ म्हटलं की तुला फक्त पोस्टर आठवतं, याचा मला खरा राग आला. त्याच वर्षी मार्च महिन्यात देसाईगंजच्या पोलीस चौकीत काय झालं ते तुझ्या पुस्तकात आहे. मथुरा खटला, चौकीत आणलेल्या मथुरा नावाच्या आदिवासी मुलीवर पोलिसांनी बलात्कार केल्याचा. १९७४ मध्ये सत्र न्यायालयाने पोलिसांना सोडलं, १९७६ मध्ये उच्च न्यायालयाने शिक्षा दिली, १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सोडलं. सात वर्षं त्या आदिवासी मुलीबद्दल आम्ही क्रांतीवाल्यांनी किती सभा घेतल्या? मला एक आठवत नाही. १९७९ मध्ये कायदा शिकवणाऱ्या चौघांनी, उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर यांनी, सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. निकाल ओळीओळीने वाचून लिहिलं. त्या पत्रावर १९८० मध्ये मुंबईतल्या बायका एकत्र आल्या, रस्त्यावरही उतरल्या, आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. कोठडीत संबंध झाल्याचं सिद्ध झालं आणि बाई म्हणाली संमती नव्हती, तर संमती नव्हती असंच न्यायालयाने धरायचं, हे तेव्हा आलं. रस्ता लागला, नाही कोण म्हणतं? पण आधी कोणीतरी निकालपत्र घेऊन बसलं होतं.

आणखी एक, तुला आवडणार नाही. तू त्या काळात असतीस तर बहुतेक आतल्या खोलीत असतीस. आमच्या रात्रीच्या बैठका व्हायच्या, जात-वर्ग-स्त्रीमुक्ती सगळ्यावर बोलणं व्हायचं, आणि चहाची भांडी कोण घासतंय हा प्रश्न कोणाला पडायचा नाही. मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांनी महागाईविरुद्ध हजारो बायका लाटणी-थाळ्या घेऊन बाहेर काढल्या, तेव्हा आमच्यातलेच काही विद्वान त्याला ‘घरगुती प्रश्न’ म्हणाले. तेल-साखरेचा भाव घरगुती! हे विसरून जो कोणी तुला त्या दिवसांची गोडी लावतो, त्याला विचार, तारखेला कोण होतं, आणि त्यांच्यासाठी डबा कोणी केला होता.

१९८२ च्या संपात माझे वडील होते. १८ जानेवारीला अडीच लाख गिरणी कामगार बाहेर पडले, संप रीतसर मागे घेतल्याचं आजतागायत कोणी जाहीर केलेलं नाही. घरात पगार बंद झाला तेव्हा मी एका कचेरीत टायपिस्टची नोकरी धरली. मलाही वकील व्हायचं होतं. फॉर्म आणला होता, भरला नाही, फीचे पैसे वाण्याकडे गेले. ते राहिलं, आणि अजून सलतं. तेव्हाचे सोबती म्हणाले, ही व्यवस्थेत गेली. त्यातल्या दोघांची पुढे मोठी नावं झाली, त्या दिवसांवर ते आजही सुंदर बोलतात. मी मात्र संध्याकाळी साडेपाचला कचेरी सुटली की युनियनच्या खोलीत जाऊन कामगारांचे अर्ज टाइप करत होते. ग्रॅच्युइटीचे, भविष्यनिर्वाह निधीचे, नंतर घरांचे. गिरण्यांच्या जमिनीवर टॉवर उठले, कामगारांच्या घरांची मोठी सोडत २०१२ साली निघाली. तोवर अर्ज करणारे कितीतरी गेले, त्यांच्या वारसांचे कागद लावावे लागले. ते कोणी लावले? मी सोडून गेले नव्हते. हे मी तुला का सांगतेय, मला कळतंय, पण सांगू दे.

मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव १९७८ चा, नामविस्तार झाला १४ जानेवारी १९९४ ला. मधली सोळा वर्षं दरवर्षी कोणीतरी निवेदन घेऊन जात होतं, घरं जळलेल्या माणसांचे खटले चालवत होतं. त्या सोळा वर्षांचं प्रदर्शन कोण भरवणार?

तेव्हा आता उदास होऊन बसू नकोस. तुझ्या पिढीच्या पोरांवरही केसेस आहेत, त्यांच्याही आया जामिनासाठी कागद घेऊन फिरतायत, आणि फी न घेता दहाव्या तारखेलाही उभे राहतील असे वकील आम्हाला शोधून मिळत नाहीत. तुला उडी घ्यायचीय ना? मग वकिलीची सनद घेऊन ये. सनद नसेल तर तू व्हरांड्यात माझ्याशेजारी उभी राहशील, आणि व्हरांड्यात आम्ही पुष्कळ आहोत.

परीक्षेचा फॉर्म भरायची मुदत कधी आहे ते कळव. फीची अडचण असेल तर लाजू नकोस, सरळ सांग. ते पैसे मी बाजूला ठेवलेत. पुराव्याचा कायदा या आठवड्यात वाचून काढ, रविवारी मी विचारणार आहे.

तुझी,
मावशी