चौरंगावरची नक्षी का पुसली?

प्रश्न : श्रावणात आमच्याकडे खान्देशातली कानबाई देवी बसते. यंदा जुन्या सागवानी चौरंगावर मोर, वेल आणि 'कानबाई माय' ही अक्षरं उठवावीत म्हणून घरच्या इंकजेट प्रिंटरवर डिझाइन छापलं आणि फेविकॉलने पालथं चिकटवलं. वाळल्यावर कागद ओला करून चोळला, तर सगळा निळा-जांभळा चिखल. थोडी अक्षरं राहिली, तीही उलटी! काय चुकलं, सर?
– एक वाचिका, अमळनेर

उत्तर : ताई, तुमचा घात शाईने केला. घरच्या त्या प्रिंटरची शाई पाण्यातली. ओला हात लागला की वाहणारच. झेरॉक्स मशीन आणि लेझर प्रिंटरमध्ये टोनर असतो, म्हणजे प्लॅस्टिकची बारीक पूड, उष्णतेने कागदावर वितळवून बसवलेली. तिला पाणी काही करत नाही. कागद चोळून काढला की ती फेविकॉलात अडकून लाकडावर राहते. दुकानातून प्रिंट आणलीत तरी आधी कोपऱ्यावर ओलं बोट घासून पाहा. पालथं चिकटवलं की चित्र उलटं उमटतं, म्हणून दुकानदाराला 'मिरर काढून द्या', म्हणजे आरशातल्यासारखं उलटं छापून द्या, म्हणा; त्याला नाही जमलं तर मोबाइलमध्येच चित्राची डावी-उजवी बाजू उलटवून न्या.

सागवानाचं मात्र मला पटलं नाही. प्रिंटरकडे पांढरा रंग नसतो. चित्रातली पांढरी जागा लाकडाच्याच रंगाची दिसते. काळवंडलेल्या सागावर तुमचा मोर बुडून जाईल. आंब्याची फळी घ्या, नाहीतर फिकट प्लाय. आधी 120 आणि मग 220 नंबरच्या पॉलिशपेपरने लाकडाच्या रेषांच्या दिशेनेच घासा.

मी जळगावला शाळेत चित्रकला शिकवायचो. एकदा मे महिन्यात, भर दुपारी, पंख्याखाली पोरांकडून हेच करून घेत होतो. फेविकॉल लावून कागद उचलेपर्यंत वर साय धरलेली! अर्ध्या चित्राखाली हवाच राहिली. तेव्हापासून माझा नियम : आपल्या खान्देशात हे काम सकाळी सातला, नाहीतर दिवेलागणीनंतर, आणि पंखा बंद. थर पातळ नि सारखा हवा. कागद मधून कडेकडे जुन्या एटीएम कार्डाने दाबत न्यायचा.

रात्रभर राहू द्या. सकाळी ओल्या फडक्याने भिजवून बोटाच्या पेराने गोल गोल चोळा, नख लावू नका. सुकल्यावर पांढुरकं दिसेल, तो कागदाचाच अंश. पुन्हा भिजवा, पुन्हा चोळा. दोन-तीनदा करावंच लागतं, आणि बहुतेकांचा धीर इथेच सुटतो.

मग तेलाचं व्हार्निश, दोन हात. थिनरवालं लॅकर ब्रशने लावू नका, थिनरमध्ये टोनर विरघळतो. साधा फेविकॉल पाण्याने पांढरा पडतो आणि उष्णतेने मऊ होतो, म्हणून व्हार्निश असलं तरी कलशाखाली आणि दिव्याखाली ताटली ठेवा. हे सगळं कानबाई बसते त्या रोटाच्या रविवारआधी चांगले आठ दिवस उरका. ओलसर व्हार्निशवर सांडलेलं कुंकू निघत नाही. आमच्या घरच्या चौरंगाचा एक कोपरा अजून लाल आहे.