अमेरिकेत कॉलेजच्या मुलींच्या बास्केटबॉल संघाची कोच व्हायचं असेल, तर सुरुवात मोठ्या विद्यापीठातून करावी की छोट्या कॉलेजातून?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: लेक न्यू जर्सीत डिव्हिजन थ्रीमध्ये (कॉलेज खेळांच्या तीन पातळ्यांपैकी सगळ्यात खालची) चार वर्षं खेळली, आता तिला कोचिंगमध्ये यायचंय. एका नावाजलेल्या विद्यापीठात व्हिडिओ विभागात जागा आहे आणि वेस्ट व्हर्जिनियातल्या एका डिव्हिजन टू कॉलेजात असिस्टंट कोचची. पगार दोन्हीकडे तुटपुंजा. घरचे म्हणतात, "पॅट समिट बाविसाव्या वर्षी टेनेसी विद्यापीठाची हेड कोच झाली, मग हिनं आडगावात का जावं?"

आडगावात जाऊ दे. पण हे समिटचं उदाहरण जो तो फेकतो, आणि दर वेळी उलटं फेकतो. आमच्या बास्केटबॉलवाल्या मंडळींत हा वाद जुना आहे, त्यामुळे आधी तोच निस्तरते.

१९७४ मध्ये समिट टेनेसीला आली ती पदव्युत्तर शिक्षण घेत संघाला मदत करायला. आधीच्या कोचबाई रजेवर गेल्या आणि संघ हिच्या गळ्यात पडला. मानधन महिन्याला २५० डॉलर. त्यात शारीरिक शिक्षणाचे तास घ्यायचे, स्वतःचं एम.एस. पूर्ण करायचं, दुखावलेला गुडघा ऑलिंपिकसाठी बरा करायचा, संघाची व्हॅन चालवायची आणि गणवेशही धुवायचे. पहिला सामना ७ डिसेंबर १९७४ ला मर्सरविरुद्ध, ८४-८३ ने हरल्या. पुढे १,०९८ विजय, ८ राष्ट्रीय विजेतेपदं, १९९७-९८ च्या हंगामात ३९-०, हे सगळ्यांना पाठ असतं. पण बाविसाव्या वर्षी ती खुर्ची मिळाली कारण ती कुणालाच नको होती. कॉलेज खेळांचा कारभार बघणारी एनसीएए तेव्हा मुलींच्या स्पर्धा घेतही नव्हती; एनसीएएची मुलींची पहिली बास्केटबॉल स्पर्धा १९८२ ची. म्हणजे समिट जिथे सुरू झाली ते टेनेसी नावानं मोठं असलं, तरी कामाच्या दृष्टीनं आजच्या डिव्हिजन टूपेक्षाही लहान होतं. सगळं तिलाच करावं लागलं, म्हणून सगळं तिला येत होतं.

मग पैसा आला. शिक्षणसंस्थांत मुलींना बरोबरीची संधी देणाऱ्या १९७२ च्या टायटल नाइन कायद्याआधी मुलींच्या कॉलेज संघांच्या नव्वद टक्क्यांहून जास्त कोच बायका होत्या. आता सगळे खेळ धरून हे प्रमाण चाळीस टक्क्यांच्या आसपास आहे. बास्केटबॉलमध्ये चित्र त्याहून बरं आहे, पण दिशा तीच. पगार नव्हता तोवर हे बायकांचं काम होतं. २०२३ मध्ये कोच किम मल्कीला एलएसयूनं (लुईझियाना स्टेट विद्यापीठ) दहा वर्षांसाठी ३ कोटी डॉलरहून मोठा करार दिला. अशा खुर्चीसाठी आज रांग असते, आणि त्या रांगेत "मी मोठ्या विद्यापीठात क्लिपा कापत होते" याला फारसं वजन नसतं.

"पण डॉन स्टेली?" हा पुढचा ठरलेला प्रश्न. स्टेली २००० मध्ये थेट टेम्पल विद्यापीठाची हेड कोच झाली, तीही डब्ल्यूएनबीएत, म्हणजे बायकांच्या व्यावसायिक लीगमध्ये, खेळत असतानाच. खेळाडू म्हणून तिच्याकडे ऑलिंपिकची तीन सुवर्णपदकं आहेत. तुमच्या लेकीकडे नाहीत. आणि तरीही २००८ मध्ये साउथ कॅरोलायनाला आल्यावर पहिलं विजेतेपद मिळायला २०१७ उजाडलं.

तुमच्या लेकीनं बघायचं ते किम काल्डवेलकडे. ज्या राज्यातून बोलावणं आलंय त्याच वेस्ट व्हर्जिनियात, ग्लेनव्हिल स्टेट या छोट्या कॉलेजात ती खेळली आणि २०१६ मध्ये तिथलीच हेड कोच झाली. २०२२ मध्ये डिव्हिजन टूचं राष्ट्रीय विजेतेपद. मग मार्शल विद्यापीठात एकच हंगाम, आणि २०२४ मध्ये समिटच्याच टेनेसीनं तिला नेमलं. पूर्ण कोर्टभर प्रेस, म्हणजे प्रतिस्पर्ध्याला सगळीकडे अडवत राहायचं, आणि पाचच्या पाच खेळाडू एकदम बदलायचे, ही तिची पद्धत. असलं धाडस दुसऱ्याच्या बाकावर बसून करून बघता येत नाही. आयोवा विद्यापीठाची माजी हेड कोच लिसा ब्लुडर हिनंही सुरुवात सेंट अँब्रोस नावाच्या छोट्या कॉलेजात केली होती.

छोट्या जागी नेमकं काय शिकायला मिळतं? एक म्हणजे स्काउट, प्रतिस्पर्धी संघाचा अभ्यास. प्रत्येक प्रतिस्पर्धी एका असिस्टंटच्या नावावर असतो. त्यांचे शेवटचे चार-पाच सामने बघायचे, पूर्ण हंगामाची सरासरी नव्हे. कारण जानेवारीत पॉइंट गार्ड (खेळ चालवणारी खेळाडू) जखमी झाली असेल तर नोव्हेंबरचा संघ आता उरलेलाच नसतो. टाइमआउटनंतरचे प्ले (ठरवलेल्या चाली), बेसलाइन आणि साइडलाइनवरून चेंडू आत टाकतानाचे प्ले वेगळे काढायचे. बाकावरून कोच कुठली खूण करते आणि त्यानंतर काय येतं, ते नोंदवायचं. प्रत्येक खेळाडूबद्दल एकच ओळ: "फक्त उजवीकडे जाते, डावीकडे ढकला." नव्या असिस्टंटचा घोळ इथेच होतो. बारा सेट (आखीव चाली) शोधले म्हणून बाराच्या बारा शिकवायला घेतात. मुलींच्या लक्षात तीन राहतात, आणि ते तीन कुठले हे मग नशिबावर. तुम्हीच निवडा तीन.

हे सेट सरावात खेळून दाखवायला बहुतेक ठिकाणी कॉलेजातले मुलगे असतात. त्यांना सहा नंबरचा लहान चेंडू द्यायचा आणि आधी दहा मिनिटं चालत चालत सेट समजावायचा. नाहीतर ते नुसती उंची आणि वेग वापरून बास्केट करतात, आणि आपल्या मुलींना प्रतिस्पर्ध्याचा प्ले दिसतच नाही. वेळ उधळायला नसतो. हंगामात आठवड्याला २० तास, दिवसाला ४ तास, एक दिवस सुट्टी, हा नियम आहे.

सामन्यातली गणितंही मुलींच्या खेळाची वेगळी. २०१५-१६ पासून दहा मिनिटांचे चार क्वार्टर, आणि टीम फाउलची मोजणी दर क्वार्टरला शून्यावर येते. पाचव्या फाउलपासून समोरच्यांना दोन फ्री थ्रो. तेव्हा चार फाउल झाले असतील आणि क्वार्टर संपायला मिनिटभर असेल, तर हात आवरा असं कुणीतरी ओरडायला हवं. शॉट क्लॉक ३० सेकंदांचा, म्हणजे चेंडू हाती आल्यावर तेवढ्यात शॉट घ्यावाच लागतो. ३५-३६ सेकंद उरलेले असताना शॉट घेतला तर क्वार्टर संपण्यापूर्वी चेंडू बहुधा परत आपल्याकडे येतो. अशी संधी सामन्यात चार वेळा मिळते. मोठ्या संघात हे ओरडायचं काम तिसऱ्या-चौथ्या असिस्टंटचं. व्हिडिओवाली मागे बसलेली असते.

आणि संघबांधणी. डिव्हिजन टूमध्ये मुलींच्या बास्केटबॉलला दहा शिष्यवृत्त्यांइतके पैसे देता येतात आणि ते तुकड्यांत वाटता येतात. चौदा-पंधरा मुलींमध्ये ते बसवायचे: कुणाला पूर्ण, कुणाला निम्मे, आणि दोघींनी आपापले आकडे एकमेकींना सांगितले की काय होतं ते निस्तरायचं. त्यात आता ट्रान्सफर पोर्टल, म्हणजे कॉलेज बदलू पाहणाऱ्या खेळाडूंची यादी. चांगली खेळलेली मुलगी वसंतात वर निघून जाते. एप्रिलमध्ये अर्धा संघ नव्यानं जमवणं ही कला बाकावर बसून येत नाही, फोन लावून येते.

पगाराचं अर्धंच उत्तर दिलं याची कल्पना आहे. छोट्या कॉलेजात असिस्टंटच्या पगारावर एकटीचं घर चालणं कठीण, हे गृहीत धरा. राहण्या-जेवणाची सोय आणि पदव्युत्तर शिक्षणाची फी माफ होते का, ते घासाघीस करून लेखी घ्या.

दुसरी बाजूही सांगायला हवी. मल्की हेड कोच होण्यापूर्वी लुईझियाना टेकमध्ये पंधरा वर्षं असिस्टंट होती, आणि बेलर विद्यापीठाची हेड कोच झाल्यावर पाचच वर्षांत, २००५ मध्ये, विजेतेपद. पण ती कोचिंग करत होती, फायली सांभाळत नव्हती. मोठ्या विद्यापीठाची जागा व्हिडिओऐवजी प्रत्यक्ष कोचिंगची असती, तर माझं उत्तर बदललं असतं.

लेक स्टुडंट व्हिसावर असेल तर मात्र आधी कॉलेजच्या आंतरराष्ट्रीय विद्यार्थी कार्यालयात जा. ओपीटीवरचं (स्टुडंट व्हिसावर मिळणाऱ्या तात्पुरत्या परवानगीवरचं) काम पदवीच्या विषयाशी जोडलेलं लागतं; पदवी अकाउंटिंगची असेल तर बास्केटबॉल कोचिंग त्यात बसवणं अवघड. विद्यापीठं एच-वन-बी या कामाच्या व्हिसाच्या लॉटरीतून सुटलेली असतात ही जमेची बाजू, पण छोटं कॉलेज त्या कागदपत्रांचा खर्च करेलच असं नाही. मुलाखतीत हे तर विचाराच, शिवाय त्या हेड कोचचे आधीचे असिस्टंट आज कुठे आहेत तेही विचारा. पाच वर्षांत एकही जण हेड कोच झाला नसेल, तर दुसरं डिव्हिजन टू कॉलेज शोधा.