वाचक विचारतात : संगीतातलं अधिष्ठातापद

प्रश्न : मुलगी गायनात एम. ए. करते आहे. पुढे विद्यापीठात शिकवून संगीत विद्याशाखेची अधिष्ठाता (डीन, म्हणजे विद्याशाखेची प्रमुख) व्हायचं तिच्या मनात आहे. वाट कशी?

उत्तर : वाट प्राध्यापकपदातून जाते. एम. ए.ला किमान ५५ टक्के हवेत, मग नेट, म्हणजे सहायक प्राध्यापकपदासाठीची राष्ट्रीय पात्रता परीक्षा. नेटमध्ये दोन पेपर मिळून १५० प्रश्न, ३०० गुण. चुकीच्या उत्तराला गुण कापत नाहीत. अडतं ते संगीतशास्त्राच्या पेपरात. उत्तम गाणारी मुलं ग्राम-मूर्च्छना, श्रुती, ताललिपी असे स्वर-तालाच्या शास्त्राचे विषय शेवटच्या महिन्यावर ढकलतात आणि तिथेच गुण जातात. रियाझाइतकंच हेही रोज एक तास बसून करावं.

पीएच.डी. लवकर सुरू करा. प्राध्यापकपदाला ती लागतेच, शिवाय १० वर्षांचा अध्यापनाचा अनुभव. आकाशवाणी कलाकारांची चाचणी घेऊन देते ती श्रेणीही जरूर घ्यावी. गुरुमुखातून शिकलेल्या उच्च श्रेणीच्या कलाकाराला नेटशिवाय सहायक प्राध्यापक होण्याची वेगळी तरतूद आहे.

एक गोष्ट आधीच लक्षात घ्या. महाराष्ट्राच्या २०१६च्या विद्यापीठ कायद्यात चारच विद्याशाखा आहेत, संगीताची स्वतंत्र नाही. इथे बहुधा विभागप्रमुखपदापर्यंतच मजल जाते. बनारस आणि बडोद्याला मात्र प्रयोगकलांची (संगीत, नृत्य, नाट्य) वेगळी विद्याशाखा आहे.

शिकवण्याचा सराव आतापासूनच हवा. ५० मिनिटांच्या तासाला १५ विद्यार्थी असले, तर एकेकाच्या वाट्याला जेमतेम सव्वातीन मिनिटं येतात. तानपुरे तासाआधी लावून ठेवले नाहीत, तर तासातली दहा मिनिटं ते जुळवण्यातच जातात.