वायुनौकांमधून बॉम्ब टाकायला विमानांच्या आधी सुरुवात झाली का? पहिला हल्ला कुठे झाला?

नाही, विमानं थोडक्यात पुढे होती. लिबियासाठी इटली आणि तुर्कस्तान लढत असताना, १ नोव्हेंबर १९११ रोजी जूलिओ गावोत्ती या इटालियन वैमानिकाने विमानातून हाताने लहान बॉम्ब टाकले. वायुनौकांची, म्हणजे गॅसवर तरंगणाऱ्या आणि इंजिनाने चालणाऱ्या मोठ्या फुग्यांची, पाळी चार महिन्यांनी आली. मार्च १९१२ मध्ये इटलीच्या पी-२ आणि पी-३ यांनी तिथल्याच तुर्की ठाण्यांवर बॉम्ब टाकले. झेपेलिन या जर्मन वायुनौकांच्या नावाखाली ही सुरुवात पार झाकली गेली आहे.

असं काही होणार याची धास्ती आधीपासून होती. युद्धाचे नियम ठरवणाऱ्या १८९९ च्या आंतरराष्ट्रीय हेग परिषदेत फुग्यांतून स्फोटकं टाकण्यावर पाच वर्षांची बंदी घातली होती. १९०७ मध्ये ती पुढे चालवायची वेळ आली, तेव्हा जर्मनी आणि फ्रान्स यांनी सहीच केली नाही. मला वाटतं, खरी सुरुवात त्या न केलेल्या सह्यांपासून मोजायला हवी.

पहिलं महायुद्ध पेटल्यावर पहिल्याच आठवड्यात जर्मनांनी झेड-६ ही झेपेलिन बेल्जियममधल्या लिएज शहरावर धाडली. हवेतून टाकायचे खास बॉम्ब तयारच नव्हते, म्हणून तोफेचे गोळे भरले. नौकेला पुरेशी उंची गाठता येईना, त्यामुळे ती खालच्या गोळीबाराच्या टप्प्यात आली. गॅस गळत गळत कशीबशी जर्मनीत परतली आणि बॉनजवळ कोसळली.

ब्रिटनवरचा पहिला हल्ला १९ जानेवारी १९१५ च्या रात्रीचा. एल-३ आणि एल-४ या झेपेलिनना हंबर नदीच्या मुखाकडे जायचं होतं, पण वाऱ्याने त्यांना दक्षिणेला नॉरफोकच्या किनाऱ्यावर आणून सोडलं. खाली अंधार, आपण नेमके कुठे आहोत याचा पत्ता नाही, तरी बॉम्ब टाकले. ग्रेट यारमथमध्ये दोघं आणि किंग्ज लिनमध्ये दोघं गेले. किंग्ज लिनमधला एक चौदा वर्षांचा मुलगा होता. बॉम्ब छताच्या झरोक्यातून थेट त्याच्या उशीवर पडला, असं त्याच्या आईने चौकशीत सांगितलं. नेम चुकला म्हणावं, तर नेम धरायला त्यांना काही दिसतच नव्हतं. या बॉम्बफेकीचा इतिहास वाचताना मी दर वेळी त्या उशीपाशी थांबतो.

त्याच दोन्ही वायुनौका १७ फेब्रुवारीला वादळी हवेत सापडून डेन्मार्कच्या किनाऱ्यावर निकामी झाल्या. तरी ३१ मेच्या रात्री एलझेड-३८ लंडनवर पोहोचली आणि सात माणसं मेली.